मुलीचं नाव ‘तन्मणी’ ठेवायचंय? आधी हे करून बघा

तन्मणी, मखमल, झुंबर असलं काहीतरी झगमगीत नाव डोक्यात असेल ना, तर बिनधास्त ठेवा, फक्त बारशाआधी थोडं तपासा.

पहिलं म्हणजे बाल्कनीतून खाली खेळणाऱ्या पोरीला हाक मारतोय असं समजून जोरात म्हणून बघा, मग बाबांचं नाव आणि आडनाव जोडून म्हणा, कारण शाळेत हजेरी तशीच घेतात. लाडाचं नाव काय होईल तेही बघा, तन्मणीची तनू होते, छानच की! मला तन्मणी सगळ्यात आवडतं, लक्ष्मी रोडवर सराफाकडे मोत्यांच्या सरांमध्ये ते खड्यांचं पदक चमकताना बघा म्हणजे कळेल, आणि अर्थ आजीला समजावावा लागत नाही. कुंदन नाव ठेवलंत तर मुलगा की मुलगी हा घोळ होतो. झुंबरचं इंग्रजी स्पेलिंग आत्ताच एक ठरवा, नाहीतर आधार, पासपोर्टवर वेगवेगळं येतं.

घाई नको. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते पण नाव नंतरही घालता येतं, १२ महिन्यांपर्यंत फी नाही.

आणि आत्याला आधी सांगा हं, कानात कुर्रर्र तीच करणार आहे.