परदेशी असलेल्या मुलांशी अवघडलेला संवाद सुरळीत कसा करावा

अमेरिकेतील मुलाशी फोनवरचे बोलणे ‘जेवलास का’ आणि ‘बरं, ठेवतो’ एवढ्यावर आले असेल, तर आई-वडिलांनी आधी फोनची वेळ तपासावी. न्यूयॉर्कचे घड्याळ भारताच्या उन्हाळ्यात साडेनऊ, तर हिवाळ्यात साडेदहा तास मागे असल्याने आपला संध्याकाळचा निवांत फोन तिकडे ऐन कामाच्या गडबडीत पोहोचतो. शनिवारी रात्री साडेआठला तिकडे सुटीची सकाळ असते.

पगार, लग्न, घर यांची चौकशी मुलाने विषय काढेपर्यंत टाळावी. त्याऐवजी ‘आंब्याला मोहोर आला, पण तुडतुड्यांमुळे निम्मा गळला’ असे इकडचे काही सांगावे.

जुना सल असेल, तर मात्र तो टाळून चालत नाही. माझ्या मते सर्वांत कठीण भाग हाच आहे. ‘तुझ्या भल्यासाठीच केलं’ हे वाक्य पूर्णपणे वगळून, ‘कॉलेजची शाखा मी तुझ्यावर लादली, ते चुकलं’ एवढेच म्हणावे आणि पलीकडची शांतता भरून काढण्याची घाई करू नये. उत्तर कदाचित महिन्याने येईल. तोवर मन फारच खचले, तर टेली मानसच्या १४४१६ या मोफत सरकारी क्रमांकावर समुपदेशकाशी बोलता येते.