पिंडा बघायला निघालात? या चुका टाळा

गौरी-गणपतीच्या सुमारास सिंहगडावर गेलात, तर उतारावरच्या गवतातून वर आलेल्या पांढऱ्याशुभ्र छत्र्या दिसतात. हाच पिंडा. आपल्या सह्याद्रीत वाढतो, जगात इतरत्र कुठेही आपसूक उगवत नाही. तरीही शेकडो लोक त्याच्या शेजारून जातात आणि घरी येऊन म्हणतात, "पांढरी फुलं होती कसलीतरी."

पहिली चूक इथेच होते. ती छत्री म्हणजे एक फूल नव्हे. पिंडा गाजराच्या कुळातला, म्हणजे चामर कुळातला. त्याच्या दांड्याच्या टोकाला छत्रीच्या काड्यांसारखे देठ फुटतात, त्या प्रत्येकाच्या टोकाला पुन्हा एक छोटी छत्री असते आणि त्या छत्रीत इवली इवली फुलं. खाली बसून नीट बघा. छत्रीच्या कडेच्या फुलांची बाहेरच्या बाजूची पाकळी मोठी आणि टोकाशी दुभंगलेली असते, आतल्या फुलांच्या पाकळ्या मात्र लहानशा. त्यामुळे अख्ख्या गुच्छाला लेस लावल्यासारखी झालर येते आणि तो लांबून एकच मोठं फूल वाटतो.

हे ओळखायची सवय घरीच लागू शकते. कुंडीतली कोथिंबीर फुलावर येऊ द्या आणि तिची छत्री बोटावर धरून बघा. तिच्याही कडेच्या पाकळ्या अशाच मोठ्या असतात! जिरे, ओवा, बडीशेप, शेपू, हिंग, सगळे याच घराण्यातले. मिसळणाचा डबा उघडल्यावर आपण पिंडाच्या भाऊबंदांतच हात घालत असतो, ही गोष्ट मला दर पावसाळ्यात नव्याने आनंद देते.

दुसरा घोटाळा गेंदाशी. कासच्या पठारावर ओलसर सपाटीवर पांढऱ्या गोंड्यांचा गालिचा पसरतो तो गेंद. त्याची पानं गवतासारखी आणि डोकं गोल बटणासारखं. पिंडाची पानं मोठी, विभागलेली, दातेरी कडांची. शंका आली की फूल सोडा, आधी पान बघा.

नावानेही फसायला होतं. जुन्या पुस्तकांत हीच वनस्पती हेराक्लियम कॉंकनेन्स म्हणून सापडते. १९८६ मध्ये तिच्यासाठी पिंडा ही स्वतंत्र प्रजाती मानली गेली आणि ती पिंडा कॉंकनेन्सिस झाली. वहीत ही दोन वेगळी झाडं म्हणून लिहू नका. आणि नावात कोकण आहे म्हणून ती फक्त कोकणात शोधू नका, घाटमाथ्यावरही ती चांगली भेटते.

वेळ चुकली तर हात हलवत परत यावं लागतं. जूनमध्ये नुसती पानं असतात, मेमध्ये तर तीही नाहीत. साधारण ऑगस्टचा उत्तरार्ध आणि सप्टेंबर धरा. कासला शनिवार-रविवारी तोबा गर्दी होते, म्हणून मधला वार गाठा.

आता सगळ्यात गंभीर चूक. गाजराच्या कुळातलं आहे म्हणून मूळ किंवा पान चाखून बघू नका. इ. स. पूर्व ३९९ मध्ये सॉक्रेटिसला दिलेलं विष ज्या हेमलॉकचं, तेही याच कुळातलं. पिंडाच्या जवळच्या नात्यातल्या, कॉकेशसमधल्या जायंट हॉगवीडचा रस अंगाला लागून वर ऊन पडलं तर कातडी भाजल्यासारखी होते. म्हणून या कुळातलं अनोळखी रानझाड खुडूही नये.

उपटून घरी नेण्याचा मोहही टाळा. ही चूक मी स्वतः केली आहे. कॉलेजात असताना एक रोप कंद न तोडता, मातीसकट आणलं आणि गॅलरीत लावलं. हिवाळ्यात पानं वाळली. मला वाटलं तहानलंय, म्हणून रोज पाणी घालत राहिलो. एप्रिलमध्ये कुंडी उकरली तर कंदाचा काळा चिखल झालेला. पिंडा पावसाळा संपला की जमिनीखाली झोपतो आणि थेट पुढच्या पावसात उठतो. त्याला उताराची निचऱ्याची माती हवी आणि कोरडा उन्हाळाही. त्या रोपाचं मला आजही वाईट वाटतं.

फोटोसाठी गवत तुडवत आत शिरू नका, वाटेच्या कडेलाच भरपूर झाडं मिळतात. फोनमध्ये पांढरा रंग फाटतो आणि पाकळ्या नुसता डाग दिसतात. फुलावर बोट टेकवा आणि उजेडाची पट्टी थोडी खाली ओढा. एक फोटो छत्रीच्या खालून घ्या, एक पानाचा, एक अख्ख्या झाडाचा.

जमलं तर ऑक्टोबरच्या शेवटी त्याच वाटेने पुन्हा जा. या कुळातल्या वनस्पतींची खरी ओळख फळांवरून पटते, आणि तेव्हा छत्रीच्या काड्यांवर पिंडाची चपटी फळं वाळत लटकलेली असतात.