रस्ता मोकळा करण्याचा आदेश पाळला गेला नाही, तर अवमान याचिका कशी उभी करावी

मेनरोड, रविवार कारंजा किंवा नाशिकरोडच्या बिटको चौकालगतचा एखादा रस्ता मोकळा करा, असा उच्च न्यायालयाचा आदेश आहे आणि मुदत उलटूनही टपऱ्या हललेल्या नाहीत, तर पुढची पायरी अवमान याचिकेची, म्हणजे न्यायालयाचा आदेश न पाळल्याची तक्रार करणाऱ्या याचिकेची. नाशिक मुंबई उच्च न्यायालयाच्या मुंबईतील मुख्य पीठाकडे असल्याने ती तिथेच दाखल होते. दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूम मोडला असेल, तर त्याच न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ खाली अर्ज करावा.

आधी आदेशाचा शेवटचा, हुकूम देणारा भाग नीट वाचा. कोणी, काय, किती दिवसांत करायचे, हे तिन्ही त्यात हवे. ‘कायद्यानुसार योग्य ती कारवाई करावी’ एवढेच लिहिले असेल, तर महापालिका नोटिसा बजावून कारवाई झाल्याचे सांगते आणि अवमान टिकत नाही. मुदत नसेल तर मूळ याचिकेत अर्ज करून ती ठरवून घ्या. आदेश टपऱ्यांपुरता असेल तर अवमान याचिकेत पार्किंग, सिग्नल, रिक्षाथांबा घालू नका. आदेशात नसलेले इथे मागता येत नाही. वाहतुकीसाठी पोलिसांना वेगळे निर्देश लागतात.

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ नुसार आज्ञाभंग जाणूनबुजून झालेला असावा लागतो. म्हणून अधिकाऱ्याला आदेश माहीत होता याचा पुरावा सर्वांत मोलाचा. प्रमाणित प्रत घ्या आणि पत्रासोबत आयुक्त, संबंधित विभागीय अधिकारी आणि पोलीस आयुक्तालय यांना स्वतंत्रपणे द्या. प्रत्येक ठिकाणी आपल्या प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घ्या. याचिकेत मुदतीच्या काळात त्या पदावर असलेल्या व्यक्तीचे नाव हवे. नुसते ‘नाशिक महानगरपालिका’ लिहिले तर जबाबदारी कोणाच्याच अंगाला लागत नाही, आणि बदल्या होत राहतात.

याच अवमान अधिनियमाच्या कलम २० ची, याचिका दाखल करण्याची एक वर्षाची मर्यादा अनेकांच्या हातून निसटते. आदेश १० जानेवारी २०२५ चा आणि मुदत त्या दिवसापासून आठ आठवड्यांची असेल, तर ती ७ मार्चला संपते. तिथून वर्षाच्या आत याचिका दाखल व्हायला हवी. ‘प्रत मिळाल्यापासून’ असे शब्द असतील तर आवक शिक्क्याची तारीख धरा. दरम्यान दिलेल्या स्मरणपत्रांनी ही मर्यादा वाढत नाही.

फोटो दर आठवड्याला, त्याच जागेवरून, त्याच कोनातून काढा. चौकटीत विजेचा खांब किंवा पक्क्या इमारतीची पाटी यावी. रस्ता टेपने मोजून उरलेली रुंदी लिहून ठेवा. मंजूर रुंदी नगररचना विभागाकडून माहिती अधिकारात मागवा. बाजारपेठेत सकाळी आठचा फोटो कामाचा नाही, गर्दी संध्याकाळची असते. मोबाइलमधील फोटोंसोबत भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चे, म्हणजे इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी लागणारे प्रमाणपत्र जोडा.

‘पोलीस बंदोबस्त मिळाला नाही’ हे हमखास येणारे उत्तर. त्यावर आधीच माहिती अधिकारात बंदोबस्त मागणारी पत्रे आणि पोलिसांची उत्तरे मागवून ठेवा. मुदतीत एकही पत्र गेले नसेल, तर तोच हेतूचा पुरावा. टपरीधारकांना आधी नोटीस द्यावी लागते, ही सबबही तपासून घ्या. महापालिका अधिनियमाच्या कलम २३१ खाली रस्त्यावरील अडथळे आयुक्तांना विनानोटीस काढता येतात. बांधकाम पाडण्याबाबत सर्वोच्च न्यायालयाने १३ नोव्हेंबर २०२४ ला घातलेली १५ दिवसांच्या नोटिशीची अट सार्वजनिक रस्ता आणि पदपथावरील अनधिकृत बांधकामाला लागू नाही. मात्र विक्री प्रमाणपत्र असलेल्या फेरीवाल्यांना पथविक्रेत्यांसाठीच्या २०१४ च्या कायद्याचे संरक्षण आहे. त्यांना अतिक्रमण करणाऱ्यांत मोजू नका. ते अन्यायाचे आहे आणि त्याने याचिकाही कमजोर होते.

अवमान याचिकेत न्यायालयाची नोटीस निघाली की सुनावणीच्या आदल्या दिवशी अतिक्रमण हटवण्याची मोहीम होते आणि पूर्ततेचे प्रतिज्ञापत्र येते. लगेच त्याच कोनातून नवे फोटो काढून प्रत्युत्तर द्या. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही अशी आहे, पण माफी स्वीकारली गेली की ती टळू शकते. म्हणून माफीनाम्यावर समाधान मानू नका. रस्ता पुन्हा अडू देणार नाही आणि कोणता अधिकारी किती दिवसांनी पाहणी करेल, ही हमी म्हणून आदेशात नोंदवून घेण्याची विनंती वकिलांमार्फत करा. न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे हाही अवमानच, आणि त्यासाठी वर्षाची मोजणी भंगाच्या दिवसापासून होते.