पॅरामॅटात राहायला आलात? आधी आपला मतदारसंघ ओळखा

सिमकार्ड, बँकेचं खातं, सरकारी आरोग्यविम्याचं मेडिकेअर, बस-ट्रेनचं ओपल कार्ड हे सगळं तुम्ही पहिल्या आठवड्यात स्वतःच उरकाल. त्याबद्दल सांगणारे शंभर जण भेटतील. मी लिहिते आहे ते कोणी सांगत नाही त्याबद्दल, आणि मलाही कोणी सांगितलं नव्हतं.

ऑस्ट्रेलियात, सिडनीच्या पश्चिमेला असलेलं हे पॅरामॅटा एक नाही, तीन आहेत. एक महापालिकेचं, एक न्यू साउथ वेल्स या राज्याच्या विधानसभेचं आणि एक केंद्रातल्या प्रतिनिधीगृहाचं. नाव तेच, पण सीमा तिन्हींच्या वेगळ्या. आपल्या भाषेत सांगायचं तर नगरसेवक, आमदार आणि खासदार. कचऱ्याचे डबे आणि वाचनालय नगरसेवकाकडे. सरकारी शाळा, वेस्टमीडचं रुग्णालय, रेल्वे, नवी लाइट रेल, गाडीचा परवाना हे आमदाराकडे. व्हिसा आणि आयकर खासदाराकडे. मुलाच्या शाळेत वर्ग कमी पडतात म्हणून खासदाराच्या कार्यालयात खेटे घालणारी आपली माणसं मी दर वर्षी पाहते. तिथून त्यांना आमदाराकडे पाठवलं जातं आणि मग “इथेही तेच टोलवाटोलवीचं राजकारण” म्हणत ती घरी येतात. टोलवाटोलवी नव्हे, दार चुकलेलं असतं. आणि एक लक्षात ठेवा, नागरिकत्व नसलं तरी आमदाराच्या कार्यालयात जाता येतं. तुम्ही तिथे राहता, एवढं पुरतं.

विधानसभेचा हा मतदारसंघ 1856 चा आहे, म्हणजे न्यू साउथ वेल्सच्या पहिल्या विधानसभेइतकाच जुना. आपल्याकडे 1857 चा उठाव व्हायच्या आधीचा. सिडनीहून इथवर रेल्वे आली तीही जेमतेम वर्षभर आधी, 1855 मध्ये. सुरुवातीला इथून दोन आमदार जात. त्यांतले हेन्री पार्कर त्याच वर्षी प्रीमियर, म्हणजे मुख्यमंत्री झाले. 1920 ते 1927 या काळात राज्याने प्रमाणशीर प्रतिनिधित्व, म्हणजे मतांच्या प्रमाणात जागा, वापरून पाहिलं, तेव्हा मोठ्या केलेल्या या मतदारसंघातून तीन आमदार निवडले गेले. 1927 पासून पुन्हा एकच. मतदान सक्तीचं करणारा राज्याचा कायदा 1928 चा.

हे सगळं सांगते कारण आपल्यातले बरेच जण “इथे कोणीही येवो, आपल्याला काय” म्हणतात. या जागेचा इतिहास नेमका उलट आहे. 1988 मध्ये लिबरल पक्षाचे जॉन बुक्स आले, 1991 मध्ये लेबरचे अँड्र्यू झिओल्कोव्स्की. ते 1994 मध्ये पदावर असतानाच वारले आणि पोटनिवडणुकीत त्यांच्या पत्नी गॅब्रिएल हॅरिसन निवडून आल्या. त्यांच्यानंतर तान्या गडील. 2011 च्या लाटेत जेफ ली यांनी ही जागा लिबरलकडे नेली आणि 2023 मध्ये लेबरच्या डॉना डेव्हिस यांनी ती परत घेतली. त्या आधी इथल्याच महापौर होत्या. इथली जागा कोणाच्या वाडवडिलांची नाही. बारामतीत कोण उभं आहे आणि कोथरूडमध्ये कोणाचं तिकीट कापलं हे तोंडपाठ असणाऱ्या माणसाला आपल्या रस्त्याचा आमदार माहीत नसावा, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

दर दोन निवडणुकांनंतर सीमा नव्याने आखल्या जातात. 2015 ला बदलल्या, 2019 ला तशाच राहिल्या, 2023 ला पुन्हा बदलल्या. म्हणून शेजाऱ्याच्या सांगण्यावर जाऊ नका, पत्ता टाकून निवडणूक आयोगाच्या संकेतस्थळावर स्वतः बघा.

आता माझी चूक. 2014 मध्ये मी नागरिक झाले, समारंभातच मतदारयादीचा फॉर्म भरला. पुढच्या जानेवारीत घर बदललं. वीज, बँक, शाळा, सगळीकडे नवा पत्ता दिला, मतदारयादीत दिला नाही. 28 मार्च 2015 ला राज्याची निवडणूक होती. खऱ्या निवडणुका केंद्राच्या, ही आपली छोटी, असं समजून मी गेले नाही. मत न दिल्याच्या 55 डॉलर दंडाचं पत्र जुन्या घरी गेलं. स्मरणपत्रही तिथेच. वर 65 डॉलर चढले आणि शेवटी गाडीचा परवाना निलंबित झाला. मला कळलं तेव्हा मी वृद्धाश्रमात पहाटेची पाळी करत होते, पहिल्या बसच्या आधी पोहोचावं लागायचं. बारा दिवस मैत्रिणीने कामावर सोडलं. तरी ज्या पाळ्या गेल्या त्यांचे पैसे दंडाच्या कितीतरी पट होते. चूक सर्वस्वी माझी होती.

म्हणून पुन्हा सांगते, घर बदललंत की मतदारयादीतला पत्ता बदला. यादी केंद्राची आणि राज्याची एकच, एकदा बदललं की काम झालं. भाड्याच्या घरात राहणाऱ्यांनी तर हे फ्रिजवर लिहून ठेवा, कारण आपली घरं दर वर्षा-दोन वर्षांनी बदलतात.

मतदान शनिवारी असतं, बहुतेक ठिकाणी शाळेत. बोटाला शाई नाही, यंत्र नाही, ओळखपत्र मागत नाहीत. नाव आणि पत्ता विचारतात, आणि आधी मत दिलंय का ते. मग कागद आणि पेन्सिल. राज्याच्या विधानसभेच्या कागदावर एकाच नावासमोर 1 लिहिलं तरी मत धरतात, 1981 पासून तशी सोय आहे. केंद्राच्या प्रतिनिधीगृहाच्या कागदावर मात्र प्रत्येक चौकटीत आकडा हवाच, नाहीतर मत बाद. एकीची सवय दुसरीला लावून आपली कितीतरी मतं वाया जातात. दारात पक्षांचे कार्यकर्ते कागद देतात, ते सगळ्यांचे घ्या आणि रांगेत वाचा.

पुढची राज्याची निवडणूक मार्च 2027 मध्ये आहे. पोरांनाही बरोबर न्या, बहुतेक शाळांच्या आवारात पालक सॉसेज भाजत असतात, आणि त्याचे पैसे शाळेलाच जातात.