नीत्शेची ख्रिस्ती प्रेमावरची टीका वाचायची कशी? आधी रूपकं सोडवा

ख्रिस्ती प्रेम दुबळ्यांच्या द्वेषातून उगवलं, अशी जर्मन तत्त्वज्ञ नीत्शेची टीका आहे. ती ज्यात आहे, ते त्याचं नीतीच्या वंशावळीवरचं, म्हणजे नैतिक कल्पना कुठून आल्या यावरचं, १८८७ सालचं पुस्तक पहिल्या पानापासून वाचू नका. पहिल्या निबंधातलं कलम १३ आधी काढा.

तिथे कोकरं शिकारी पक्ष्यांना दुष्ट ठरवतात. पक्षी म्हणतात, आमचं कोकरांशी वैर नाही, प्रेमच आहे. कोवळ्या कोकराहून चविष्ट काय असतं? हा उपरोध निसटला की पुढचं सगळं फसतं. पाठोपाठ विजेचं उदाहरण येतं. ‘वीज चमकते’ असं आपण बोलतो, जणू वीज वेगळी आणि चमकणं वेगळं. (‘पाऊस पडतो’चंही तेच.) या भाषिक सवयीमुळेच आपण बळामागे ते हवं तर आवरणारा कर्ता कल्पतो, असा नीत्शेचा आरोप आहे. मग दुबळ्याची लाचारीही त्याने निवडलेला सद्गुण ठरते.

कलम १४ म्हणजे आदर्श घडवणारा कारखाना. वहीत दोन रकाने आखा, कच्चा माल आणि पक्का माल. सूड घेता येत नाही, त्याची क्षमा होते, भित्रेपणाची नम्रता, ज्यांचा द्वेष वाटतो त्यांच्यापुढे झुकण्याचं आज्ञापालन. शत्रूवर प्रेम करण्याच्या गोष्टीही इथेच, घाम गाळत चालतात.

आता मागे, कलम ८ कडे या. नीत्शे या प्रेमाला निव्वळ ढोंग म्हणतो, हा नेहमीचा गैरसमज. तो त्याला सर्वांत खोल आणि उदात्त प्रेम म्हणतो, पण द्वेषाच्या झाडाचा शेंडा म्हणून. त्या झाडाचं खोड, म्हणजे द्वेष, तो ज्यू परंपरेवर लादतो. तिथे पुरावा मागाच.

रूपक काढून साधं वाक्य लिहा: ‘हे प्रेम सूडातून जन्मलं.’ हे इतिहासाबद्दलचं विधान झालं, आणि झाडाचं चित्र त्याला आधार देत नाही. ते खरं मानलं तरी प्रेमाची किंमत आपोआप घटत नाही. कमळही चिखलातच उगवतं. खुद्द नीत्शेच दुसऱ्या निबंधाच्या कलम १२ मध्ये बजावतो की एखाद्या गोष्टीचा उगम आणि तिचा पुढचा उपयोग यांत फार अंतर असतं. त्यामुळे कलम ८ संशय पेरतं, खंडन करत नाही.

यानंतर जर्मन तत्त्वज्ञ माक्स शेलर घ्या. १९१२ मध्ये त्याने उत्तर दिलं: ग्रीक प्रेम खालून वर चढतं, ख्रिस्ती प्रेम भरलेपणातून खाली वाकतं, म्हणून ते द्वेषातून आलेलं नाही. पण वर-खाली हेही रूपकच. तेही उतरवून साधं वाक्य लिहा आणि पुरावा शेलरकडेही मागा.