रंकाळ्याकाठी सेमाफोरचा सराव

सेमाफोर म्हणजे दोन हातांतील निशाणांच्या स्थितीवरून इंग्रजी अक्षरे कळवण्याची पद्धत. समुद्रावर लाल-पिवळी, तर जमिनीवर निळी-पांढरी निशाणे वापरण्याचा प्रघात आहे. रंकाळ्याच्या काठावर उभे राहताना पाठीमागे मोकळे आकाश येईल अशी जागा निवडावी, कारण झाडांच्या गुंत्यात हाताचा कोन ओळखू येत नाही. लगतच्या दोन स्थितींमध्ये ४५ अंशांचा कोन असतो. डावे निशाण शरीरासमोर खाली ठेवून उजवा हात खाली तिरका धरल्यास ‘ए’, आडवा धरल्यास ‘बी’, वर तिरका नेल्यास ‘सी’ आणि सरळ डोक्यावर नेल्यास ‘डी’ हे अक्षर होते. समोरच्याला मात्र हे सारे उलट बाजूस दिसते, आणि नवशिके नेमके तिथेच फसतात. कोपर वाकवू नये. शब्द संपताच दोन्ही निशाणे समोर खाली आणावीत.