नाना पळशीकरांसारख्या नटाची कारकीर्द शोधायची कशी

जुना हिंदी पिक्चर बघताना एखादा म्हातारा बाप नाहीतर गरीब चोर भाव खाऊन जातो आणि त्याचं नाव काही केल्या आठवत नाही, असल्या नटावर लिहायचं असेल तर काय करायचं ते नाना पळशीकरांना धरून सांगतो.

नेटवरची यादी आधी उघडूच नका, पिक्चर बघा. 'दो बिघा जमीन' (१९५३) मधला बलराज साहनीचा बाप बघा, मग 'कानून' (१९६०) मधला कालिया, सावकाराच्या घरात चोरी करायला शिरतो आणि खुनाच्या आरोपात अडकतो तो. या पिक्चरमध्ये एकही गाणं नाही, त्यामुळे गाण्यांच्या क्लिपा चाळून नट शोधणाऱ्यांची इथे पंचाईत होते, आणि तसंही चरित्र नट गाण्यात दिसतोच कुठे! अशोककुमार, राजेंद्रकुमार समोर असताना पिंजऱ्यातला हा माणूस काय करतो ते बघा, आवाज, मान, हात, सगळं लिहून ठेवा. हे टिपण कुठल्याच यादीत मिळणार नाही.

मग टायटल्स. तेव्हा नावं सुरुवातीलाच यायची, तिथे पॉज करून स्क्रीनशॉट घ्या. पळशीकर, पालसीकर, पालसेकर, इंग्रजी अक्षरात जी जी रूपं होऊ शकतात ती सगळी लिहा आणि प्रत्येकाने वेगवेगळं सर्च मारा, नाहीतर अर्धे पिक्चर हातचे जातात.

यादी पक्की करायला हरमंदिर सिंह 'हमराज़' यांचा हिंदी फिल्म गीतकोश घ्या, दशकवार खंड आहेत, नाव गीतकोश असलं तरी प्रत्येक पिक्चरखाली कलाकारही दिलेत. पुण्यात असाल तर लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म अर्काइव्हची (१९६४ ला सुरू झालं) लायब्ररी गाठा, जुनी मासिकं, फोटो, थिएटरात मिळायच्या त्या गाण्यांच्या पुस्तिका. पण जायच्या आधी चौकशी करा आणि काय हवं त्याची नावं वर्षासकट घेऊन जा, नुसतं "नानांचं काही आहे का" विचारून उपयोग नाही.

वर्षांचा घोळ हमखास होतो. 'कानून' १९६० चा पण त्यासाठी नानांना सहाय्यक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं ते १९६२ च्या सोहळ्यात, आणि ख्वाजा अहमद अब्बासांचा 'शहर और सपना' १९६३ चा, त्याचं फिल्मफेअर १९६५ ला. म्हणून वहीत दोन रकाने करा, पिक्चरचं वर्ष वेगळं, बक्षिसाचं वेगळं. दोन फिल्मफेअर घेतलेला माणूस आणि आज नाव विचारलं तर घरातली आजीच सांगेल, कमाल आहे!

जो पिक्चर मिळतच नाही, नुसतं यादीत नाव आहे, त्याच्यापुढे प्रश्नचिन्ह टाका आणि चेहरा दिसेपर्यंत ते खोडू नका.